कलामहर्षी बाबूराव पेंटर

बाबूराव पेंटर यांचा जन्म १८९० साली कोल्हापुरात एका कारागिराच्या घरी झाला. नाटकांचे पडदे रंगविता रंगविता त्यांना चित्रपटाचा ध्यास लागला. विलायती कॅमेरा विकत घेण्याची ऐपत नव्हती. म्हणून त्यांनी व त्यांचे नात्यातले भाऊ आनंदराव यांनी स्वतःच कॅमेरा बनविण्यास आरंभ केला. १९१६ मध्ये आनंदराव निवर्तले. दुःख गिळून बाबूरावांनी ते अपुरे काम तडीस नेले. १९२० साली त्यांचा ‘सैरंध्री’ हा चित्रपट प्रकाशात आला. १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये त्यांनी देवदेवतांऐवजी कर्जात बुडालेला शेतकरी दाखविला. ते दुःख नांदेड-लातूरच्या शेतकऱ्यांसही अनोळखी नव्हते. त्यात नायक झालेले व्ही. शांताराम बाबूरावांचेच शिष्य. १९५४ साली हा थोर कलावंत दिवंगत झाला.