मरणाच्या यादीचा बाप

मेकॅनिकलच्या पोराने एका फ्रेंच डॉक्टरवर लेख का लिहावा? कारण आमचे आजोबा. लेथवर काम करताना उडालेल्या चिपने त्यांचा डावा डोळा गेला. तिथे कृत्रिम डोळा बसवलाय. तो अधूनमधून जागेवरून सरकतो, पाणी गळतं, की निघाली आमची वरात दवाखान्यात!

ताई पुण्यात मेडिकल कोडिंग करते, म्हणजे अमेरिकेतल्या रुग्णांच्या कागदांना आकडे लावते. तिने सांगितलं, डाव्या बाजूची अशी तक्रार तिथे टी८५.३२१ मध्ये बसते आणि सातव्या जागी एक अक्षर लागतं. फेरतपासणीला ‘डी’. पण थांबा, दुसरी फेरी म्हणून डोळे झाकून ‘डी’ टाकायचा नाही! मूळ बिघाडावर प्रत्यक्ष उपचार चालू असतील, तर चौथ्या फेरीलाही ‘ए’. उपचार संपून नुसती देखरेख उरली की ‘डी’. नवशिके इथेच आपटतात आणि बिल परत येतं.

हे सगळं कुणाच्या डोक्यातून निघालं, म्हणून शोधत गेलो तर झाक बेर्तियों सापडला. जन्म १८५१, पॅरिस. घराणंच आकडेमोडीचं! आजोबा अशील गियार यांनी ‘डेमोग्राफी’ हा शब्द रूढ केला, वडील संख्याशास्त्रज्ञ. भाऊ आल्फाँस तर गुन्हेगारांची शरीरं मोजून ओळख पटवण्यासाठी जगभर गाजला. झाक डॉक्टर झाला खरा, पण नाडीपेक्षा रकान्यांत रमला. वडिलांनंतर पॅरिस शहराच्या संख्याशास्त्र खात्याचा तो प्रमुख झाला.

अडचण अशी होती, की एकाच आजाराला प्रत्येक देशात वेगळं नाव. मग पॅरिसचे मृत्यू लंडनशी ताडणार कसे? १८९१ मध्ये व्हिएन्नाच्या बैठकीत यादी करायचं काम त्याच्याकडे आलं. १८९३ मध्ये शिकागोत त्याने ती मांडली. ४४, ९९ आणि १६१ नोंदींच्या तीन याद्या, ज्याला जेवढी झेपेल तेवढी त्याने वापरावी. (सबमिशनला अशी सोय असती तर!) सर्व शरीराचे आजार वेगळे आणि एका अवयवाचे वेगळे, हे तिचं सूत्र. ते काही एकट्याचं नव्हे. अवयवाप्रमाणे वर्गवारी करावी, असं इंग्लंडचा विल्यम फार आधीपासून सांगत होता. पण सगळ्यांकडचं घेऊन जगाला चालेल असं काहीतरी बनवणं आणि मग ते देशोदेशी गळी उतरवणं, हे मला जास्त अवघड वाटतं. १९०० मध्ये २६ देशांचे प्रतिनिधी पॅरिसला जमले. १९०९ आणि १९२० च्या सुधारणाही त्याच्याच देखरेखीखाली झाल्या. १९२२ मध्ये तो गेला.

पण मला खटकलं ते हे. त्याच्या यादीचा मुख्य प्रश्न एकच होता: माणूस कशाने मेला? कृत्रिम डोळा सरकून कोण मरतं? आजारांच्या जोडयाद्या निघाल्या, पण त्या तोकड्याच होत्या. जगणाऱ्यांची दुखणी आणि इजा खऱ्या अर्थाने त्यात शिरल्या त्या १९४८ च्या सहाव्या सुधारणेत, जागतिक आरोग्य संघटनेच्या काळात. तेव्हा बेर्तियोंला जाऊन २६ वर्षं झाली होती.

हे सगळं आजोबांना सांगितलं, तर त्यांनी फक्त आपला नंबर विचारला. ताईने कागदावर लिहून दिला, शेवटची जागा मात्र रिकामी ठेवली. गुरुवारी डॉक्टरांकडे जायचंय. ते डोळ्यावर नवे उपचार करतात की नुसतं बघून सोडतात, त्यावर अक्षर ठरेल.