पोलिस शिपायाच्या नोकरीसाठी लंडनपर्यंत गेलेला अर्ज : शिवराम जानबा कांबळे

शिवराम जानबा कांबळे यांचे नाव आपल्या चळवळीत प्रामुख्याने तीन गोष्टींसाठी घेतले जाते. 'सोमवंशीय मित्र' हे मासिक, १ जानेवारी १९२७ ची कोरेगाव भीमाची सभा आणि १९२९ चा पर्वती सत्याग्रह. चौथी गोष्ट फारशी सांगितली जात नाही. आमच्या माणसांना पोलिसात शिपाई म्हणून तरी घ्या, ही मागणी त्यांनी थेट लंडनला भारतमंत्र्यांपर्यंत नेली होती. आज पोलिस दलात गेलेली आपली मुले-मुली आम्हाला विचारतात की, खात्यातच जातीवरून त्रास होतो, तर दाद मागायची कुणाकडे? या प्रश्नाचे उत्तर शोधताना शिवरामांचे आयुष्य पुन्हा वाचावे लागते.

त्यांचा जन्म १८७५ चा, कार्यक्षेत्र पुणे. नोकरी बटलरची. शिक्षण बेताचे, पण वाचनाची आणि लिहिण्याची ओढ जबरदस्त. ते तरुण होत होते त्याच काळात महार समाजावर मोठा आघात झाला. मुंबईच्या फौजेत महार शिपाई पिढ्यान्‌पिढ्या लढले होते. कोरेगावच्या स्तंभावर त्यांची नावे कोरलेली आहेत. तरीही लढाऊ आणि बिगर-लढाऊ जाती असा भेद करून १८९० नंतरच्या काळात इंग्रज सरकारने महारांची भरती बंद केली. सैन्याबरोबर पगार गेला, पेन्शन गेली, छावणीतली शाळा गेली. निवृत्त हवालदार गोपाळबाबा वलंगकर यांनी १८९४ साली याविरुद्ध अर्ज तयार केला. सरकार बधले नाही. पण अर्जाची ती वाट शिवरामांनी सोडली नाही.

सैन्य बंद, मग पोलिस खाते तरी खुले व्हावे, ही मागणी त्यातूनच आली. यातला अन्याय नीट समजून घेतला पाहिजे. गावगाड्यात वेसकर म्हणून वेशीवर पहारा देणारा महारच होता. चोराचा माग काढणे, सरकारी वसूल तालुक्याला पोहोचवणे, पाटलाचा निरोप घेऊन रात्री-अपरात्री धावणे, ही कामे त्याच्याच अंगावर होती. शिवेचा तंटा उभा राहिला की महाराची साक्ष वजनदार मानली जाई. म्हणजे पोलिसाचे निम्मे काम तो करतच होता. त्याला मिळत नव्हता तो गणवेश, नियमित पगार आणि अधिकार. गावाला त्याची साक्ष हवी होती, त्याचे गाऱ्हाणे मात्र नको होते.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शिवरामांनी सासवड येथे पन्नासेक गावांतल्या महारांची सभा भरवली. शिक्षण आणि नोकरीच्या मागण्यांचा अर्ज तयार झाला. त्यावर दीड हजारांहून अधिक लोकांनी नावे घातली. बहुसंख्य समाजाला अक्षरओळखही नव्हती, त्या काळात एवढी नावे गोळा करणे म्हणजे गावोगाव फिरून एकेका माणसाला समजावणे. मुंबई सरकारने काही दिले नाही. तेव्हा १९१० साली शिवरामांनी वरचे दार ठोठावले. भारतमंत्री अर्ल ऑफ क्रू यांच्याकडे अर्ज गेला. उच्च राजकीय पदे आम्ही मागत नाही, सरकारी नोकरीतल्या सर्वांत खालच्या जागा द्या, पोलिस शिपायाची आणि सैनिकाची जागा द्या, असा त्याचा आशय होता. मागणी नम्र होती, पण तर्क धारदार होता. महार माणूस ख्रिस्ती झाला की त्याचा दर्जा लगेच बदलतो. मग ब्रिटिश कायदा आणि न्याय तोच बदल का घडवू शकत नाही, असा त्यांचा सवाल होता. १८५८ च्या राणीच्या जाहीरनाम्याचीही आठवण त्यांनी करून दिली. सरकारचेच वचन सरकारपुढे ठेवले.

फक्त अर्जांवर ते थांबले नाहीत. कचेरी ऐकत नसेल तर समाजाने ऐकावे, यासाठी त्यांनी १ जुलै १९०८ रोजी 'सोमवंशीय मित्र' सुरू केले होते. देवाला सोडलेल्या मुरळ्यांचा प्रश्न त्यांनी मासिकात मांडला. त्याला प्रतिसाद म्हणून शिवूबाई या मुरळीने आपली व्यथा स्वतः लिहून पाठवली, ती छापली गेली आणि पुढे एका कार्यकर्त्याने तिच्याशी लग्न केले. सगळीकडून गप्प केलेल्या बाईला या मासिकाने बोलायला जागा दिली. पुढे १९२७ साली कोरेगावच्या स्तंभापाशी त्यांनी सभा घेतली, बाबासाहेब तिथे आले. १३ ऑक्टोबर १९२९ पासून पर्वतीचा सत्याग्रह झाला. सत्याग्रहींनी दगड खाल्ले, मंदिर तेव्हा उघडले नाही. अर्ज, सभा, छापील शब्द आणि शेवटी सत्याग्रह, असा हा क्रम आहे. एक दार बंद झाले की ते दुसऱ्या दाराशी उभे राहिले.

आज दार उघडे आहे. संविधानाच्या कलम १६ ने सरकारी नोकरीत जातीवरून भेद करायला बंदी घातली, आरक्षणाने आपली माणसे दलात आली. पण आत गेल्यावर काय? कोट्यातून आला म्हणून टोमणे, सोयीची ड्युटी इतरांना, गोपनीय अहवालात मुद्दाम हलका शेरा, अशा गोष्टी आम्ही ऐकतो. तक्रार करायची तर ती वरिष्ठामार्फतच वर जाते, आणि कधी कधी तक्रार त्या वरिष्ठाविरुद्धच असते. १९६६ च्या कायद्याने पोलिसांच्या संघटना करण्याच्या आणि वृत्तपत्रांशी बोलण्याच्या हक्कावर निर्बंध घातले आहेत. कारखान्यातला कामगार युनियनकडे जातो, शिपायाला तशी मोकळीक नाही.

म्हणूनच शिवराम आज उपयोगी पडतात. पोलिसात भरतीची मागणी करणारे ते स्वतः पोलिस नव्हते. बाहेर असलेल्या समाजाने ती मागणी उचलली होती. आजही तेच करावे लागेल. आपल्या शिपायाला एकटे पाडू नका. घटना, तारीख, वेळ, साक्षीदार लिहून ठेवायला सांगा. अर्जाची पोच घ्यायला सांगा. खाते ऐकत नसेल तर राष्ट्रीय अनुसूचित जाती आयोगाकडे जाता येते. कलम ३३८ नुसार तक्रारीची चौकशी करताना आयोगाला साक्षीदाराला बोलावण्याचे, कागदपत्रे मागवण्याचे दिवाणी न्यायालयासारखे अधिकार आहेत. गुन्हा घडला असेल तर अ‍ॅट्रॉसिटी कायदा आहे. अर्ज लिहून देणारा, तारखेला सोबत जाणारा कार्यकर्ता मात्र आपल्यातूनच उभा राहायला हवा.

प्रत्येक तक्रार खरीच ठरेल असे आम्ही म्हणत नाही. ती निःपक्षपणे ऐकली जावी, आणि ती केल्याबद्दल माणसाला शिक्षा होऊ नये, एवढेच आमचे म्हणणे आहे. १९१० साली ज्यांना शिपायाच्या जागेसाठी लंडनला लिहावे लागले, त्यांच्या वारसांना आज त्याच जागेवर मान खाली घालून राहावे लागत असेल, तर तो अर्ज अजून निकाली निघालेला नाही.

जय भीम.