ललिता पवार

आमच्या श्रीरामपुराहून मनमाडकडे जाणाऱ्या आगगाडींत बसलें म्हणजे कोपरगांवच्या पुढें येवलें लागतें. तेथें १९१६ सालीं ललिता पवार यांचा जन्म झाला. मूकपटांच्या काळांत बालवयांतच त्या पडद्यावर आल्या व पुढें नायिका झाल्या. १९४२ सालीं चित्रीकरणाच्या वेळीं सहनटाची चपराक खरोखरीच जोरानें बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली. दीर्घ उपचारांनंतरहि डावा डोळा कायमचा अधू राहिला. नायिकेचा मार्ग तेथेंच खुंटला. दुसरी एखादी घरीं बसली असती. बाईंनीं मात्र दुय्यम पात्रें पतकरलीं, आणि बारीक झालेला तो डोळाच खाष्ट सासूच्या भूमिकांत त्यांच्या उपयोगीं पडला. तथापि आम्हांस विशेष आवडते ती १९५९ च्या ‘अनाडी’ चित्रपटांतील मिसेस डिसा. वरून फटकळ, आंतून मायाळू अशी ही ख्रिस्ती घरमालकीण! तिजबद्दल त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळालें. १९८७ सालीं, सत्तरीच्या वयांत, त्या दूरदर्शनवरील ‘रामायण’ मालिकेंत मंथरा झाल्या. त्या रविवारच्या सकाळी आमच्या पालकवर्गास आठवत असतील. १९९८ च्या फेब्रुवारींत पुण्यास त्या निवर्तल्या.