दीड दिवसाच्या शाळेपलीकडचे अण्णा भाऊ

१ ऑगस्ट आला की गावोगावी चौकात मांडव पडतो, मिरवणूक निघते, डीजे वाजतो आणि मोबाइलवर स्टेटसची रांग लागते. अण्णा भाऊ साठे हे नाव आपल्याला बालवाडीपासून ठाऊक असतं. पण वर्गात विचारून बघा, ‘फकिरा’ कोणी वाचलीय? दोन-चार हात वर आले तरी खूप झालं. ज्याचा फोटो सगळ्यांकडे आहे, त्याचं पुस्तक फार थोड्यांकडे आहे. असं का झालं, हे समजून घ्यायचं तर त्यांच्या आयुष्याकडे आणि समीक्षकांनी त्यांना दिलेल्या वागणुकीकडे जरा नीट बघावं लागतं.

वाटेगाव ते मुंबई, पायी

तुकाराम भाऊराव साठे हे त्यांचं कागदोपत्री नाव. जन्म १ ऑगस्ट १९२०, गाव वाटेगाव, आजचा सांगली जिल्हा, वाळवा तालुका. घर मातंग समाजाचं. इंग्रजांनी गुन्हेगार जमातींचा कायदा करून कित्येक जातींवर जन्मतःच चोरीचा शिक्का मारला होता. गावात कुठे काही झालं की पोलीस आधी या वस्तीत यायचे आणि माणसांना चावडीवर हजेरी द्यावी लागायची. अशा घरातलं पोर शाळेत गेलं आणि मास्तरांचा मार खाऊन दुसऱ्याच दिवशी परत आलं. तीच ती प्रसिद्ध दीड दिवसाची शाळा.

१९३०च्या दशकाच्या सुरुवातीला साठे कुटुंब मुंबईला निघालं. आज आपल्याकडची मुलं रात्री ट्रॅव्हल्समध्ये बसतात आणि सकाळी पुण्यात उतरतात. साठ्यांकडे तिकिटाला पैसे नव्हते. वाटेत मिळेल ते काम करत, मुक्काम करत ते चालत मुंबईला पोहोचले. तिथे या पोरानं हमाली केली, कोळसा वाहिला, पडेल ते काम केलं, पुढे गिरणीत लागला. दुकानांच्या पाट्या आणि सिनेमाची पोस्टरं बघत बघत तो अक्षरं जुळवायला शिकला.

कलापथकाचं विद्यापीठ

दीड दिवसाची गोष्ट इतक्या वेळा सांगितली जाते की पुढचं शिक्षण झाकूनच जातं. आणि ते शिक्षण काही कमी नव्हतं. गावाकडे बापू साठे या नातेवाइकाच्या तमाशात त्यांनी गाणं, वाद्यं, गण-गवळण, बतावणी सगळं आत्मसात केलं. मुंबईत माटुंग्याच्या लेबर कॅम्पमध्ये कम्युनिस्ट कार्यकर्त्यांच्या संगतीत वाचन सुरू झालं, रशियन लेखक मॅक्झिम गॉर्कीची ओळख झाली. दुसऱ्या महायुद्धात स्टालिनग्राडच्या लढाईवर त्यांनी पोवाडा रचला. विचार करा, वाटेगावचा पोरगा मुंबईच्या कामगार वस्तीत बसून व्होल्गाकाठच्या लढाईवर डफ वाजवतोय!

१९४४ मध्ये शाहीर अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांच्यासोबत त्यांनी लाल बावटा कलापथक उभं केलं. तमाशाचा जुना साचा घ्यायचा आणि त्यात गिरणी कामगार, सावकार, निवडणूक, टंचाई असे विषय भरायचे, हे त्यांचं काम. आज आपण ज्याला लोकनाट्य म्हणतो, त्याची घडण यातून झाली. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत तर हजारोंच्या सभा या शाहिरांनी धरून ठेवल्या. गाव सोडून मुंबईत आलेल्या मजुराची बायकोपासूनची ताटातूट आणि मराठी मुलखाची ताटातूट त्यांनी एकाच लावणीत गुंफली. ‘माझी मैना गावावर राहिली’ ही ती लावणी.

समोर हजारो माणसं उभी आहेत, कंटाळली तर उठून जातील, अशा ठिकाणी त्यांनी लेखन शिकलं. पुढे कादंबरी लिहितानाही ती सवय सुटली नाही. वाक्य आखूड, प्रसंग ठसठशीत, गोष्ट कुठेही अडत नाही.

३५ कादंबऱ्या आणि एक ‘फकिरा’

त्यांच्या नावावर सुमारे ३५ कादंबऱ्या आहेत. शिवाय कथासंग्रह, लोकनाट्यं, पोवाडे, पटकथा आणि १९६१च्या रशिया दौऱ्यावरचं प्रवासवर्णन. ‘वैजयंता’, ‘फकिरा’, ‘वारणेचा वाघ’ अशा कादंबऱ्यांवर सिनेमे निघाले.

१९५९ साली आलेली ‘फकिरा’ ही यातली सर्वांत गाजलेली. फकिरा हा वाटेगावचा खराखुरा माणूस, अण्णा भाऊंच्या नात्यातला. दुष्काळात माणसं मरतायत, सरकार हजेरी घेतंय, आणि हा गडी इंग्रजांचा खजिना लुटून गोरगरिबांना वाटतो. इंग्रजांच्या कागदात जो दरोडेखोर, तो इथे नायक झाला. ज्या जातीला कायद्यानं गुन्हेगार ठरवलं, तिच्या घरात बसून त्याच काळाकडे बघणारी अशी कादंबरी मराठीत आधी नव्हती. वि. स. खांडेकरांनी प्रस्तावना लिहिली, १९६१ मध्ये राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला. अण्णा भाऊंनी पुस्तक अर्पण केलं ते बाबासाहेब आंबेडकरांच्या लेखणीला.

समीक्षकांची अडचण

एवढं सगळं असूनही त्यांच्या हयातीत समीक्षेच्या मोठ्या चर्चांत ते फारसे दिसत नाहीत. त्या काळात मराठीत नवकथेचा बोलबाला होता. गंगाधर गाडगीळ, अरविंद गोखले यांच्या कथांमधून माणसाच्या मनाच्या आतल्या घालमेलीवर भर होता. अण्णा भाऊंची माणसं मनात कुढत बसत नाहीत, ती कुऱ्हाड उचलतात. त्यामुळे त्यांचं लेखन भडक, प्रचारी, मनोरंजनाचं म्हणून बाजूला सारणं सोपं गेलं.

आक्षेप सगळेच खोटे नाहीत, हेही मान्य करायला हवं. पोटासाठी त्यांनी भराभर लिहिलं आणि ते जाणवतं. काही कादंबऱ्यांत नायक धुतल्या तांदळासारखा, खलनायक काळाकुट्ट, योगायोग भरपूर. एक वाचली की दुसरीचा शेवट ओळखू येतो. पण हाच हिशोब इतर लोकप्रिय कादंबरीकारांना तितक्याच कडकपणे लावला गेला का? शिवाय कोणत्याही लेखकाचं माप त्याच्या चांगल्या पुस्तकांवरून घ्यायचं असतं, हा साधा न्याय त्यांच्या वाट्याला उशिरा आला.

दुसरी अडचण खान्याची होती. कम्युनिस्टांना ते आपले शाहीर वाटायचे. १९५८ मध्ये मुंबईत भरलेल्या पहिल्या दलित साहित्य संमेलनाचं उद्‌घाटन त्यांनी केलं, म्हणून दलित साहित्याचे ते पूर्वसुरी ठरले. पण पुढच्या पिढीतल्या काहींना त्यांचा मार्क्सवाद खटकला. ग्रामीण साहित्यवाल्यांनी वारणा खोऱ्यापुरतं त्यांना आपलं मानलं. प्रत्येकानं आपल्यापुरता तुकडा घेतला आणि अख्खा लेखक कुणाच्याच हाती राहिला नाही. अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचं अध्यक्षपदही त्यांच्याकडे कधी आलं नाही. २०१९ मध्ये हे संमेलन आपल्या यवतमाळात भरलं, तेव्हा ते ९२वं होतं. एवढ्या लांबलचक यादीत त्यांचं नाव नाही.

शेवटची वर्षं हलाखीत गेली. पुस्तकं खपली, सिनेमे निघाले, पण घाटकोपरच्या चिरागनगरातली झोपडी बरीच वर्षं सुटली नाही. एकटेपणा आला, दारूनं गाठलं. १८ जुलै १९६९ रोजी ते गेले, तेव्हा वयाची ४९ वर्षंही पूर्ण झाली नव्हती.

मान मिळाला तो नंतर. २००२ मध्ये टपाल तिकीट निघालं. शासनानं निवडक वाङ्मयाचा जाडजूड खंड काढला. विद्यापीठांत पीएचड्या झाल्या, २०२० मध्ये जन्मशताब्दी झाली आणि २०२२ मध्ये थेट मॉस्कोत पुतळा उभा राहिला. आता अडचण उलटी झालीय. आधी न वाचता नाकारलं जायचं, आता न वाचता हार घातला जातो. दोन्हीकडे पुस्तक बंदच!

मग सुरुवात कुठून करायची?

‘फकिरा’ जाड वाटत असेल तर आधी ‘स्मशानातील सोनं’ ही कथा वाचा. जेमतेम अर्धा तास लागेल. मुंबईच्या उपनगरातली खाण बंद पडते आणि भीमा नावाचा धडधाकट गडी बेकार होतो. काम नाही, घरात खाणारी तोंडं आहेत. मग तो रात्री स्मशानात जाऊन मढ्यांच्या अंगावरचं सोनं शोधू लागतो. एका रात्री त्याची बोटं प्रेताच्या जबड्यात अडकतात आणि त्याला ती कायमची गमवावी लागतात. त्यानंतर बातमी येते, खाण पुन्हा सुरू झालीय. हातानं पहाड फोडणाऱ्या माणसाकडे आता काम आहे, पण बोटं नाहीत.

भरतीच्या जाहिरातीची वाट बघत दोन-दोन वर्षं काढणाऱ्या आपल्या पिढीला ही गोष्ट वेगळी समजावून सांगायला नको. यात भाषण नाही, घोषणा नाही, भडकपणाचा आरोप इथे टिकत नाही. एवढी एक कथा वाचून झाली की अण्णा भाऊ कोणत्या खान्यात बसतात, ते तुमचं तुम्हीच ठरवा. कॉलेजच्या लायब्ररीत मराठीच्या कपाटात त्यांची पुस्तकं असतात. कार्डावर नाव घालून घ्या, यंदाचा १ ऑगस्ट यायच्या आत एक तरी वाचून होईल.