बोरिस कार्लॉफ

बोरिस कार्लॉफ (मूळ नाव: विल्यम हेन्री प्रॅट, २३ नोव्हेंबर, १८८७ : लंडन - २ फेब्रुवारी, १९६९ : मिडहर्स्ट, इंग्लंड) हे इंग्रज चित्रपट-अभिनेते होते. फ्रँकेन्स्टाइन (१९३१) या विज्ञानकल्पनेवर आधारित भयपटातील राक्षसाच्या भूमिकेसाठी ते ओळखले जातात.

कुटुंब

कार्लॉफ यांच्या घराण्याची मुळे मुंबई इलाख्यात होती. वडील मीठ-महसूल खात्यात अधिकारी होते. खेडा सत्याग्रहाच्या वेळी (१९१८) उत्तर विभागाचे आयुक्त असलेले फ्रेडरिक प्रॅट हे त्यांचे थोरले बंधू. सयामच्या राजवाड्यातील शिक्षिका म्हणून प्रसिद्धी पावलेल्या अ‍ॅना लिओनोवेन्स या त्यांच्या आईच्या मावशी. अ‍ॅना यांचा जन्म १८३१ साली अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) येथे झाला, तर विवाह १८४९ साली पुण्यात झाला. या दोन शहरांना जोडणाऱ्या रस्त्यावरील शिरूर (घोडनदी) येथेही कंपनी सरकारची छावणी होती. छावण्यांच्या या जगात मिश्र वंशाची कुटुंबे अनेक होती. मात्र इंग्रज समाजात तो वारसा कमीपणाचा मानला जाई. अ‍ॅना यांनी आपले जन्मस्थान वेल्स असल्याचे सांगितले. कार्लॉफ यांनीही आपल्या भारतीय वारशाची जाहीर वाच्यता टाळली. त्यांच्या सावळ्या वर्णामुळे मूकपटांत त्यांच्या वाट्याला बहुधा परदेशी खलपुरुषांच्या भूमिका आल्या.

कारकीर्द

१९०९ साली ते कॅनडास गेले. फिरत्या नाटक मंडळ्यांत त्यांनी उमेदवारी केली. चरितार्थासाठी मालमोटारही चालविली. चव्वेचाळिसाव्या वर्षी जेम्स व्हेल दिग्दर्शित फ्रँकेन्स्टाइन या बोलपटाने त्यांना कीर्ती मिळाली. मेरी शेली यांच्या १८१८ सालच्या कादंबरीवरून घेतलेल्या या कथेत एक शास्त्रज्ञ मृतदेहांचे अवयव जोडून विजेच्या साहाय्याने त्यांत प्राण फुंकतो. येथे भयाचे मूळ भुताखेतांत नसून प्रयोगशाळेत आहे. जॅक पिअर्स यांच्या रंगभूषेस रोज सुमारे चार तास लागत. राक्षसाला एकही संवाद नाही. तरीही निर्मात्याने टाकून दिलेल्या जिवाची व्यथा कार्लॉफ यांनी केवळ डोळ्यांतून व हातांतून व्यक्त केली. तळ्याकाठी एका बालिकेबरोबर तो पाण्यावर फुले सोडतो आणि फुले संपल्यावर, तीही तरंगेल अशा समजुतीने, तिलाच पाण्यात टाकतो. सेन्सॉरने या प्रसंगाचा शेवट कापला. परिणामी अजाणतेपणाने घडलेले कृत्य प्रेक्षकांना हेतुपुरस्सर वाटू लागले, म्हणजे कात्रीने भूमिकेवर अन्यायच केला. तो भाग १९८० च्या दशकात पुन्हा जोडण्यात आला.

चित्रीकरणातील श्रमांमुळे जडलेले पाठीचे दुखणे त्यांना आयुष्यभर सोसावे लागले. १९३३ साली स्थापन झालेल्या हॉलिवूडच्या पडदा-अभिनेत्यांच्या संघटनेचे ते संस्थापक-सदस्य होते. ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन (१९३५) या चित्रपटात राक्षस बोलू लागतो. द इन्व्हिजिबल रे (१९३६) मध्ये त्यांनी किरणोत्सारामुळे ज्याचा नुसता स्पर्शही प्राणघातक ठरतो अशा शास्त्रज्ञाची भूमिका केली. टार्गेट्स (१९६८) या चित्रपटात त्यांनी निवृत्त होऊ पाहणारा वृद्ध भयपट-अभिनेता रंगविला.