अभिनेत्री ललिता पवार

नाशिक जिल्ह्यातील येवले हे गाव पैठण्यांसाठी विख्यात आहे. तेथे १८ एप्रिल १९१६ रोजी जन्मास आलेली अंबू ही मुलगी पुढे ललिता पवार या नावाने साऱ्या देशास परिचित झाली. कुलीन घरांतील मुलींनी चित्रपटात काम करणे त्या काळी निंद्य मानले जाई. असे असता ती बालवयातच मूकपटांत दिसू लागली. १९३२ च्या 'कैलास' या मूकपटात तिने काम तर केलेच, शिवाय त्याच्या निर्मितीतही भाग घेतला. पुढे बोलपट आले आणि ललिताबाई नायिका म्हणून स्थिरावल्या.

१९४२ साली 'जंग-ए-आझादी' या चित्रपटाचे चित्रण चालू होते. एका प्रसंगात नट भगवान यांनी त्यांच्या थोबाडीत मारावयाची होती. तो हात अनवधानाने फार जोरात बसला. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डाव्या डोळ्याची शीर तुटली. दीर्घ उपचार झाले; पण डोळा कायमचा बारीक राहिला. त्यांचे वय तेव्हा अवघे २६ होते. नायिकेचे भांडवल म्हणजे तिचा चेहरा, आणि पडद्यावर तर तो कितीतरी पटींनी मोठा दिसतो! तेथे व्यंग लपविणार कसे?

ललिताबाईंनी ते लपविलेच नाही. १९४४ च्या 'रामशास्त्री' चित्रपटात त्या आनंदीबाई झाल्या. 'ध'चा 'मा' करणारी ती पेशवीण मराठी मुलांना सांगावयास नको. पुढे 'दहेज' (१९५०) मधील छळवादी सासूपासून कजाग स्त्रियांची रांगच लागली. तो बारीक डोळा किंचित मिटला की प्रेक्षागृहातील बायका बोटे मोडीत.

परंतु त्यांना केवळ खलनायिका म्हणणे अन्यायाचे होईल. 'श्री ४२०' (१९५५) मधील केळेवाली आठवावी. राज कपूर त्यांच्याहून केवळ आठ वर्षांनी लहान. तरी त्याच्यावर त्या आईची माया करताना कोठेही खोटेपणा वाटत नाही. 'अनाडी' (१९५९) मधील मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण तर माझ्या मते त्यांची सर्वश्रेष्ठ भूमिका होय. अशा तोंडाने फटकळ पण दुसऱ्यास उपाशी झोपू न देणाऱ्या बायका आमच्या कोकणी मुलखात घरोघर भेटतात. ज्या कंपनीत तिचा लाडका भाडेकरू नोकरीस असतो, तिच्याच विषारी औषधाने तिला मृत्यू येतो. या भूमिकेस फिल्मफेअर पारितोषिक लाभले. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा गौरव केला. 'प्रोफेसर' (१९६२) मध्ये करड्या शिस्तीची प्रौढा प्रेमात पडते. ते पाहून हसू आवरत नाही.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. तत्पूर्वी १९८७ साली दूरदर्शनवरील 'रामायण' मालिकेत सत्तरी ओलांडलेल्या ललिताबाई मंथरा झाल्या होत्या. रविवारी सकाळी रस्ते ओस पडत आणि दूरचित्रवाणी असलेल्या घरी सारी आळी जमे. आपल्या इंदुरातील घराघरांतील आजी-आजोबांना त्या मंथरेविषयी अवश्य विचारावे. बहुतेकजण प्रथम डोळ्याचेच वर्णन करतील.