कृष्ण झालेला नगरचा ख्रिस्ती मुलगा

देवाजवळ कुणी जायचे आणि कुणी बाहेर थांबायचे, हे आपल्याकडे जन्मावरून ठरत आले. पडद्यावर मात्र नगरच्या एका कलावंताने हा हिशेब मोडला. त्याचे नाव शाहू मोडक.

अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगरात, २५ एप्रिल १९१८ रोजी एका मराठी ख्रिस्ती कुटुंबात त्यांचा जन्म झाला. १९३२ साली भालजी पेंढारकरांच्या ‘श्यामसुंदर’मध्ये हा कोवळा मुलगा कृष्ण झाला. शेजारच्या नाशकात बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली १९३० साली सुरू झालेला काळाराम मंदिर सत्याग्रह तेव्हा संपलेला नव्हता. तिथे अस्पृश्यांना देवाचे दार बंद होते. इथे तिकीट काढून आलेले लोक एका ख्रिस्ती मुलाला कृष्ण म्हणून डोळे भरून पाहत होते! पुढे मोडकांनी ही भूमिका कितीतरी चित्रपटांत केली. १९४० साली दामले-फत्तेलाल यांच्या ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये ते ज्ञानेश्वरही झाले. संन्याशाचा मुलगा म्हणून ज्याला वाळीत टाकले, त्याने ज्ञानेश्वरी सांगितली ते नेवासे याच जिल्ह्यातले.

पण आम्हाला त्यांचा सर्वात मोलाचा चित्रपट वाटतो तो ‘माणूस’. १९३९ साली प्रभातसाठी व्ही. शांताराम यांनी तो केला. मोडक त्यात पोलीस शिपाई गणपत, तर शांता हुबळीकर वेश्यावस्तीतली मैना. गणपत मैनेला आपल्या आईसमोर नेतो. पण त्या देवभक्त घरात आपल्याला जागा नाही, या धास्तीने मैनाच निघून जाते. कुणी तिला हाकलत नाही; समाजाने तिच्या मनात भरलेली अपवित्रताच तिला हाकलते. ही वेदना आम्हाला नवी नाही.

अशा चित्रपटांना रडके म्हणून नाक मुरडणारे पुष्कळ आहेत. आम्हाला ते मान्य नाही. भाषणाने जो हलत नाही, त्याच्याही डोळ्यांत मैनेसाठी पाणी येते, ही या चित्रपटांची ताकद. मर्यादाही तिथेच. शेवटी मैना तुरुंगात जाते, गणपत नोकरीवर परततो, प्रेक्षक डोळे पुसून घरी जातो आणि व्यवस्था जागची हलत नाही.

शाहू मोडक १९९३ साली गेले. त्यांचा कृष्ण लोकांनी स्वीकारला, त्यांच्या गणपतसाठी लोक हळहळले. आमचा प्रश्न एवढाच : पडद्यावर जी मैना सून म्हणून चालते, ती आपल्या उंबऱ्यावर आली तर दार कोण उघडणार?